सोलापुरात अंगणातले आणि माळावरचे छोटे पक्षी: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सकाळी दुर्बीण गळ्यात अडकवून बाहेर पडलो की विजापूर रोडला फिरायला येणाऱ्यांपैकी कुणीतरी थांबवतंच. "काय बघायलाव वो सर, बिबट्या आलाय का काय?" इथनं सुरुवात होते आणि मग हळूच, "आमच्या गॅलरीत एक बारकी काळी चिमणी येतीय, लांब चोचीची, ती काय असंल?" असा मूळ प्रश्न बाहेर पडतो. तेच तेच प्रश्न इतक्यांदा ऐकलेत की म्हणलं एकदा बसून सगळी उत्तरं लिहून काढू. मी तज्ज्ञ वगैरे नाही, नोकरी सांभाळून बघणारा माणूस आहे, चुका भरपूर केल्यात, त्यातल्या दोन-तीन खाली सांगितल्या आहेत.

दाणे ठेवून आठवडा झाला, एक चिमणी फिरकली नाही. काय चुकतंय?

बहुतेक काहीच चुकत नसतं, धीर कमी पडतो एवढंच. लटकणारी नवीन वस्तू दिसली की छोटे पक्षी आधी लांबनंच बघतात, दोन-तीन आठवडे सहज जातात. मी पहिला फीडर ऑनलाइन मागवला होता, हिरव्या झाकणाचा, पारदर्शक नळीचा, फोटोत त्यावर परदेशातले गुबगुबीत पक्षी बसलेले. तीन आठवडे त्यावर मुंगीसुद्धा चढली नाही आणि मग मे महिन्याच्या उन्हात ती नळी अशी वाकडी झाली की दाणे आपोआप खाली पडायला लागले आणि खाली पारव्यांची पंगत बसली. आईनं ते सगळं काढून टाकलं आणि गावाकडनं आणलेलं ज्वारीचं एक कणीस सुतळीनं ग्रिलला आडवं बांधलं. चौथ्या दिवशी चिमणी. मला फार राग आला होता, चिमणीचा नाही, फीडरच्या पैशांचा.

दुसरं म्हणजे जागा. जवळपास लपायला काहीतरी दाट पाहिजे, बोगनवेल, मेंदी, कढीपत्ता, काहीही, कारण शिक्रा, म्हणजे छोटे पक्षी मारणारा शिकारी पक्षी, आला की त्यांना दोन सेकंदांत आत घुसता आलं पाहिजे. पण अगदी झुडपाला चिकटून लावू नका, तिथं मांजर दबा धरून बसतं. आठ-दहा फुटांचं अंतर बरं.

आणि महिना कोणता आहे तेही बघा. जानेवारी-फेब्रुवारीत शिवारात ज्वारी उभी असते, मालदांडीची टप्पोरी कणसं सोडून तुमच्या गॅलरीतली बाजरी खायला कोण येणार? शहराच्या कडेला राहणाऱ्यांना हा फरक जास्त जाणवतो.

दाण्यांत नक्की काय ठेवायचं?

बाजरी सगळ्यात भारी. राळे मिळाले तर त्याहून भारी, मुनियांना बारीक दाणा लागतो. ज्वारी भरडून किंवा सरळ कणीस, तांदळाची कणी चालते. कच्चा तांदूळ खाऊन पक्ष्याचं पोट फुगून फुटतं असं बरेच जण सांगतात, ती अफवा आहे, भाताच्या शेतात काय खातात मग ते?

न ठेवायच्या गोष्टी म्हणजे फरसाण, शेव, खारे दाणे, चिवडा, बिस्किटं, म्हणजे मीठ-तेल-साखरवालं काहीही नको. दूध तर अजिबात नको. शेंगदाणे ठेवायचे तर कच्चे, बारीक कुटलेले आणि कोरडे, कारण ओल लागलेल्या शेंगदाण्याला बुरशी धरते आणि त्या बुरशीचं विष पक्ष्यांना बाधतं, आपल्यालाही बाधतं. उरलेली भाकरी? मीठ नसेल तर चुरून कधीमधी टाकायला हरकत नाही. कडक भाकरी मात्र आधी भिजवा, ती आपल्याला चावत नाही तर चिमणीचं काय.

बुलबुलांना दाण्यात रस नसतो, त्यांना फळ लागतं. अर्धी पपई किंवा जास्त पिकलेलं केळं खिळ्याला अडकवून ठेवा. आणि कढीपत्त्याच्या झाडाला ती काळी बारीक फळं येतात ना, ती तोडू नका, त्यावर लालबुड्या बुलबुल आणि कोकीळ दोघं तुटून पडतात.

दाणे महत्त्वाचे की पाणी?

पाणी. सोलापुरात तरी पाणीच, आणि हे मी प्रत्येकाला सांगून सांगून थकलो. दाणा पक्षी कुठूनही मिळवतो, रस्त्यावरनं, शेतातनं, किराणा दुकानासमोरनं. शिवाय आपल्याकडचे निम्मे छोटे पक्षी दाणे खातच नाहीत, शिंपी, वटवट्या, दयाळ, चिरक हे सगळे किडेवाले, ते तुमच्या फीडरकडं ढुंकूनही बघणार नाहीत. पण एप्रिल-मेमध्ये पारा ४३-४४ ला गेला की पाण्यावर सगळे येतात. पक्ष्याला घाम येत नाही, तो चोच उघडी ठेवून धापा टाकून अंग गार करतो आणि त्यात अंगातलं पाणी जातं. ते भरून काढायला डबकं कुठं आहे? नळाला पाणी कधी येतं ते आपल्याला माहितीय, जिथं आपणच बॅरल भरून ठेवतो तिथं रस्त्यावर गळकी पाइप हेच पक्ष्यांचं तीर्थ.

भांडं मातीचं आणि पसरट घ्या, कुंडीखाली ठेवतात ती ताटली एकदम योग्य. स्टीलचं नको, दुपारी तव्यासारखं तापतं. खोली इंच-दीड इंच, बास. मध्ये एक खडबडीत दगड ठेवा, त्यावर बसून ते आधी चारी बाजूला बघतात आणि मग उतरतात. खोल घमेलं किंवा बादली ठेवली तर छोटा पक्षी बुडून मरतो, मी बघितलंय, एकदा टाकीत मेलेली चिमणी काढल्यापासून आमच्या टाकीचं झाकण कायम बंद असतं.

दुपारी तीनच्या सुमाराला खिडकीच्या आत अंधारात बसून बघा. आमच्याकडं बुलबुलाची जोडी आधी येते, एक पाण्यात आणि एक पहाऱ्यावर. पाण्यातला मान खाली घालून पंखांनी पाणी पाठीवर उडवतो, शेंडी ओली होऊन चिकटते आणि तो एवढासा होतो, ओळखू येत नाही. मग दुसऱ्याचा नंबर. त्यांचं झाल्यावर चिमण्या घोळक्यानं, भांडत. आणि सगळ्यात शेवटी, सगळे गेल्यावर, एक शिंपी येतो, भांड्यात उतरतच नाही, बाजूच्या तुळशीच्या ओल्या पानांवर अंग घासून अंघोळ उरकतो.

पाण्याच्या भांड्यानं डास होतात, डेंग्यू होईल असं बायको म्हणते.

बरोबर म्हणते. डासाला अंड्यापासून उडायला आठवडाभर पुरतो, उन्हाळ्यात त्याहूनही कमी. म्हणून रोज पाणी ओतायचं, झाडाला घालायचं, आणि काथ्यानं भांड्याच्या कडा घासायच्या, कारण ती अंडी कडेला चिकटलेली असतात, नुसतं पाणी बदलून जात नाहीत. साबण नको. दोन मिनिटांचं काम आहे, गावाला जाणार असाल तर भांडं पालथं घालून जा.

पारव्यांनी वैताग आणलाय. चिमण्यांसाठी ठेवलेलं सगळं तेच खातात.

जमिनीवर किंवा कट्ट्यावर दाणे पसरणं आधी बंद करा. पारवा वजनदार, त्याला उभं राहायला सपाट जागा लागते. नारळाची करवंटी तारेनं टांगा, ती हलली की पारवा बसू शकत नाही. किंवा दीड इंची चौकोनाची जाळी घेऊन तिचा डबा करायचा आणि दाणे आत, चिमणी जाळीतनं आत जाते, पारवा बाहेर बसून बघत राहतो. दाणेही मोजकेच घाला, सकाळी मूठभर, दहापर्यंत संपले पाहिजेत. पोतंभर धान्य गच्चीवर ओतून पुण्य मिळवणाऱ्यांशी मी आता वाद घालत नाही, पण पारव्यांच्या वाळलेल्या विष्ठेच्या धुळीनं फुफ्फुसाचा आजार होतो ही डॉक्टरांनी मान्य केलेली गोष्ट आहे, घरात दम्याचं माणूस असेल तर विचार करा.

ती बारकी काळी, लांब वाकड्या चोचीची चिमणी कोणती?

चिमणी नाही ती. जांभळा शिंजीर, काही जण सूर्यपक्षी म्हणतात. सावलीत काळा कुळकुळीत, उन्हात वळला की जांभळा-निळा चमकतो. मादी वरनं मातकट आणि पोटाला पिवळसर. गंमत म्हणजे वीण संपली की नरही हा रुबाब उतरवून ठेवतो आणि मादीसारखा दिसायला लागतो, फक्त गळ्यापासून पोटापर्यंत एक काळी पट्टी उरते, शर्टाची बटणपट्टी असते तशी. तेव्हा लोक मला नवीन पक्षी सापडला म्हणून फोटो पाठवतात.

त्याचाच भाऊबंद म्हणजे जांभळ्या पाठीचा शिंजीर, पोट पिवळंधमक, तोही बागांमध्ये दिसतो.

शिंजिरासाठी साखरपाण्याचा फीडर लावू का?

नको. ही अमेरिकेतली हमिंगबर्डसाठीची पद्धत, आपल्याकडं शिंजीर आहे, हमिंगबर्ड नाहीच. सोलापूरच्या उन्हात साखरपाणी सकाळचं दुपारपर्यंत आंबतं, मुंग्या येतात, गांधीलमाश्या येतात. गूळ आणि मध तर त्याहून वाईट. त्यापेक्षा एक जास्वंद लावा, साधी लाल. शिंजीर समोरनं तोंड घालत बसत नाही, फुलाच्या बुडाशी भोक पाडून रस पितो, सरळ चोरी. कोरफडीला दांडा आला तरी येतो. पळस फुलला की माळावर जाऊन बघा, एकेका झाडावर काय गोंधळ असतो.

गाणारे पक्षी म्हणजे नेमके कोणते? कोकिळा त्यात येते ना?

इथं सगळ्यांना धक्का बसतो. पक्ष्यांच्या गळ्याची, म्हणजे आवाज काढणाऱ्या अवयवाची रचना बघून जो गाणाऱ्या पक्ष्यांचा गट केलाय त्यात कावळा येतो, कोकिळा येत नाही. आणि आंब्याच्या मोहोरात 'कुहू' करते ती कोकिळा नसतेच, तो कोकीळ, काळा नर. मादी ठिपक्याठिपक्यांची, तपकिरी, ती नुसतं किक-किक-किक करून पळते. एवढी गाणी-कविता कोकिळेवर झाल्या आणि बिचारा नर क्रेडिटशिवाय ओरडतोय, अंडी मात्र दोघं मिळून कावळ्याच्याच घरट्यात टाकणार.

खरा गवई ऐकायचा असेल तर दयाळ. काळा-पांढरा, शेपूट वर. मार्चपासून पुढं पहाटे साडेचार-पाचला, अजून अंधार असताना, टीव्हीच्या अँटेनावर किंवा कडुनिंबाच्या शेंड्यावर बसून शीळ घालतो, आणि दर वेळी चाल बदलतो, दुसऱ्या पक्ष्यांचे आवाज मध्येच घुसवतो. अलार्म बंद करून पडून राहून ऐकण्यासारखं.

दिवसभर कुणीतरी टुक-टुक-टुक करतंय, डोकं उठलंय. कोण आहे?

तांबट. तांब्याच्या भांड्यावर ठोके पडल्यासारखा आवाज, भर दुपारी सुद्धा. चिमणीएवढाच, हिरवा, कपाळाला लाल टिळा. आवाज काढताना चोच बंद असते आणि गळा फुगतो, दुर्बिणीतनं बघितलं तर आवाज नक्की कुठनं येतोय तेच कळत नाही. वडा-पिंपळाला फळं आली की हमखास सापडतो. (हाही त्या गाणाऱ्यांच्या गटात नाही, पण अंगणात असतो म्हणून इथं घेतला.)

बाकी बागेत कोण कोण असतं? नुसते आवाज येतात, दिसत काही नाही.

एवढ्याशा देहाचा आणि कुकरच्या शिट्टीएवढा आवाज असेल तर तो शिंपी. हिरवट पाठ, डोक्यावर विटकरी टोपी, शेपूट उभी. रुंद पानाच्या कडांना भोकं पाडून कापूस आणि कोळ्याच्या जाळ्याच्या धाग्यानं पान शिवतो आणि आत घरटं करतो. पाणी घालताना पान गुंडाळलंय म्हणून तोडू नका, आधी वाकून बघा. राखी वटवट्यासुद्धा असंच शिवतो, तो उडताना पंखांचा चट-चट असा ठिणगी उडाल्यासारखा आवाज येतो, त्यावरनं न बघता ओळखता येतो. कंपाउंडवर शेपूट वर-खाली करत बसणारा काळा, शेपटीखाली विटकरी रंग असलेला तो चिरक. सातभाई सांगायला नको, सोसायटीची मीटिंग चालल्यासारखं वाटलं की तेच.

थंडीत पाहुणे येतात, पांढरा धोबी मैदानात तुरूतुरू पळतो आणि थिरथिऱ्या म्हणून एक आहे, त्याची शेपूट सतत थरथरत असते, नावातच आलं सगळं.

चिमण्या खरंच कमी झाल्या का हो?

सगळीकडं नाही. २०२० साली देशभरातल्या पक्षीनिरीक्षकांच्या नोंदी एकत्र करून एक मोठा अहवाल आला होता, त्यात देश म्हणून चिमणी टिकून आहे पण मोठ्या महानगरांत घटलीय असं दिसलं. मोबाइल टॉवरला लोक शिव्या घालतात पण मला घरांचं जास्त पटतं. आमचं जुनं घर माळवदाचं होतं, लाकडी तुळया, किलचनाच्या फटी, भिंतीवर देवाच्या फोटोमागं तिरकी जागा, आजी म्हणायची चिमणीचा कचरा काढून काढून हात मोडला. आता स्लॅब, पीओपी, स्लायडिंग खिडक्या. अंडी घालायची कुठं? आणि पिल्लांना दाणे चालत नाहीत, पहिले दिवस अळ्या-किडेच लागतात, आपण तर बागेत दर पंधरा दिवसाला फवारणी करतो.

मग चिमणीसाठी लाकडी घरटं लावलं तर चालेल?

चालेल. भोक सव्वा इंचाचं, म्हणजे साधारण ३२ मिलिमीटर, त्याहून मोठं केलं तर साळुंकी ताबा घेते. आठ-दहा फूट उंचावर, वळचणीखाली, पश्चिमेचं ऊन लागणार नाही अशा भिंतीला. भोकाबाहेर बसायला दांडी लावू नका, चिमणीला लागत नाही, कावळ्याला मात्र उपयोगी पडते. पुठ्ठ्याचे खोके पहिल्या पावसात लगदा होतात. २० मार्चला चिमणी दिन असतो, त्या दिवशी फुकट वाटलेली घरटी बरेच जण हौसेनं फॅनच्या शेजारी लावतात, कृपा करून नको.

एक चिमणी रोज माझ्या स्कूटीच्या आरशाशी भांडते. वेड लागलंय का?

नाही, तिला तो दुसरा नर वाटतो आणि इलाका वाचवायचाय. बुलबुलही करतात. आरशावर जुना मोजा चढवा, वीण संपली की थांबतं. खिडकीच्या काचेवर आपटण्याचा प्रकार वेगळा, तिथं त्यांना काचेत आभाळ दिसतं. काचेला बाहेरच्या बाजूनं दोन-दोन इंचांवर पांढरे ठिपके किंवा टेपच्या पट्ट्या लावा, एकच मोठं गरुडाचं स्टिकर लावून काही होत नाही.

पिल्लू खाली पडलंय. काय करू?

आधी पिसं बघा. अंगभर पिसं आहेत, आखूड शेपूट आहे, उड्या मारतंय, तर ते पडलेलं नाही, उडायला शिकतंय, आईबाप वरनं बघतायत. कुत्र्या-मांजरापासून बाजूला करून झुडपात ठेवा आणि तुम्ही लांब व्हा. उघडं, गुलाबी पिल्लू असेल तर घरटं शोधून परत ठेवा. माणसाचा हात लागला की आई टाकून देते हे खोटं आहे, बिनधास्त उचला.

तोंडात पाणी ओतू नका, ते श्वासनलिकेत जातं, चांगल्या मनानं मारलेली पिल्लं मी बघितलीत. जखमी पक्षी असेल तर भोकं पाडलेल्या खोक्यात सुती कापड घालून अंधारात, सावलीत ठेवा आणि वन विभागाच्या १९२६ ला फोन लावा. पतंगाच्या दिवसांत नायलॉन मांज्यात अडकलेले सापडतात, त्यांचा दोरा ओढायचा नाही, कात्रीनं कापायचा. हा मांजा २०१७ पासून देशभर बंद आहे, तरी गल्लीत मिळतोच.

शहरात आणि जवळपास कुठं बघायला जायचं?

नवीन असाल तर सिद्धेश्वर वनविहार, विजापूर रोड. सकाळी उजाडल्यापासून दोन तास, नंतर पक्षीही गप्प आणि तुम्हीही घामाघूम. कडुनिंब, बाभूळ, बोरीच्या जाळ्या, एका जागी उभं राहून दहा मिनिटं हलायचं नाही, एवढंच तंत्र. सुभग नावाचा पिवळा-काळा पक्षी असतो, आधी शीळ ऐकू येते, मग दिसतो. नाचण पानांत शेपटीचा पंखा उघडून गोल गोल फिरतो. स्मृती उद्यान आणि कंबर तलावाची कड पण चांगली. हिप्परग्याला लोक बदकं बघायला जातात पण मी म्हणेन पाण्याकडं पाठ करून काठाच्या बाभळींकडं बघा, वेडे राघू तारेवर ओळीनं बसलेले असतात.

आणि नान्नज? माळढोक दिसतो का?

माळढोकाच्या आशेनं जाऊ नका, मन मोडेल. या मोठ्या माळपक्ष्यासाठीच १९७९ साली नान्नजला अभयारण्य झालं, पण आता तो दिसणं म्हणजे लॉटरी सुद्धा नाही. पण त्याच्या नावानं जे गवत वाचलं त्यावर चंडोल, तिरचिमण्या, गप्पीदास आणि काळवीट जगतायत. बार्शी रोडनं वीसेक किलोमीटर. लोकांना माळ म्हणजे ओसाड पडीक जमीन वाटते, झाडं लावा म्हणून खड्डे खणतात, अरे बाबा हे पक्षी गवतातच राहतात, जमिनीवर अंडी घालतात, झाड लावलं की त्यावर कावळा आणि शिक्रा बसतो आणि यांचा कारभार संपला.

तिथं डोंबारी बघाच. चिमणीएवढा चंडोल, नर पोटाला काळा, डोकं राखी. सरळ वर चढतो, मग पंख मिटून दगडासारखा खाली, जमिनीला आपटणार वाटतं तेवढ्यात परत उचलतो, लांब शीळ मारत, असे टप्पे घेत घेत खाली येतो. नाव कुणी ठेवलं माहीत नाही पण डोंबाऱ्याच्या कसरती बघितलेल्यानंच ठेवलं असणार. वाट सोडून गवतात गाडी घालू नका, मोटरसायकल तर अजिबात नको, पायाखाली अंडी असतात आणि ती मातीसारखीच दिसतात.

थंडीत ज्वारीवर हजारो पक्ष्यांचे थवे येतात ते कोणते?

भोरड्या. गुलाबी अंग, काळं डोकं, मध्य आशियाकडनं येतात, पावसाळा सरता सरता पहिले थवे दिसतात आणि एप्रिलपर्यंत परत. संध्याकाळी आभाळात थवा वळतो तेव्हा चादर झटकल्यासारखा दिसतो. शेतकरी गोफण घेऊन मचाणावर उभा असतो आणि त्याची बाजूही खरी आहे, कणीस मोकळं करून टाकतात. पण तेच टोळ आणि नाकतोडेही फस्त करतात. त्यांच्याबरोबर काळ्या डोक्याचे पिवळे भारीटही असतात, हुरड्याला शेतावर गेलात तर शेकोटी सोडून एक चक्कर मारा, बांधावरच्या बोरीवर बसलेले दिसतील.

सुगरणीचं घरटं खरंच सुगरण बांधते?

नाही, नर बांधतो. विहिरीवर वाकलेल्या बाभळीला, पावसाळ्यात, गवताच्या आणि उसाच्या पात्याच्या पट्ट्या काढून. अर्धं झालं, टोपीसारखं, की माद्या बघायला येतात, पसंत पडलं तरच तो पुढची नळी विणतो. नापसंत पडली ती अर्धवट टोपरी तशीच लोंबत राहतात. आणि पसंत पडलं, संसार लागला की हा दुसरं बांधायला घेतो दुसरीसाठी! आत मातीचे गोळेही लावलेले असतात. शोभेला म्हणून घरटी तोडून हॉलमध्ये टांगतात, त्या रिकाम्या घरट्यांत मुनिया राहायला जातात, म्हणून राहू द्या.

मुनिया किंवा पोपट पाळला तर चालतो का?

नाही. आपल्याकडचे रानपक्षी पकडणं, विकणं, पिंजऱ्यात ठेवणं १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं गुन्हा आहे. रंगवलेल्या मुनिया बाजारात विकतात, सोडून देण्यासाठी विकत घेणंही धंद्याला मदतच.

दुर्बीण कोणती घ्यावी? ॲप कोणतं?

८ बाय ४२, म्हणजे आठपट मोठं दाखवणारी, पुढची भिंगं ४२ मिलिमीटरची. त्याहून जास्त झूमच्या मागं लागू नका, हात हलतो आणि छोटा पक्षी फ्रेममध्ये येईपर्यंत उडून जातो. मर्लिन ॲप फुकट आहे, आवाज ऐकून नाव सुचवतं, पण त्यावर डोळे झाकून विश्वास नको, रिक्षाच्या हॉर्नलाही एकदा त्यानं पक्षी ठरवलं होतं. नोंदी ईबर्डवर टाका, ही पक्ष्यांच्या नोंदी ठेवायची वेबसाइट आहे. आणि मोबाइलवर त्याचाच आवाज वाजवून पक्ष्याला बोलावू नका, विणीच्या दिवसांत तर नाहीच, तो खाणं सोडून शत्रू शोधत बसतो.

लहान मुलांना घेऊन सुरुवात करायची असेल तर ५ ते १२ नोव्हेंबर, पक्षी सप्ताह. ५ तारीख वनाधिकारी-लेखक मारुती चितमपल्लींचा वाढदिवस आणि १२ तारीख पक्षीतज्ज्ञ सलीम अलींचा. चितमपल्ली सोलापूरचे, १९३२ चा जन्म, सगळं आयुष्य जंगलात काढून शेवटी परत इथंच आले आणि जून २०२५ मध्ये इथंच गेले. त्याच वर्षी पद्मश्री मिळाली होती. शाळेतल्या पोरांना हे माहीतच नसतं.

कपडे वाळत घालायच्या दोरीवर शिंजिरानं घरटं बांधलंय. आता काय?

आता दुसरी दोरी बांधा. आमच्याकडं झालंय हे. बाल्कनीतल्या दोरीच्या टोकाला आधी कचरा अडकल्यासारखं दिसलं, कोळ्याचं जाळं, वाळकं पान, सुरवंटाची लेंडी, कुठल्यातरी बिलाचा कागदाचा तुकडा, मी दोनदा झाडूनं काढून टाकलं. तिसऱ्यांदा काढायला गेलो तर मादी समोरच्या ग्रिलवर बसून माझ्याकडं बघून ओरडत होती, चोचीत शेवरीचा कापूस. मग थांबलो. बांधायचं काम सगळं तीच करते, नर फक्त शेजारी बसून गातो. आठ-दहा दिवसांत लोंबती पिशवी तयार झाली, बाजूला दार आणि दारावर एक बारका छज्जा. दोन अंडी. उबवायला दोनेक आठवडे आणि पिल्लं उडायला अजून तेवढेच, म्हणजे महिनाभर त्या बाजूला कुणी जायचं नाही असं ठरलं, आईनं पाहुण्यांनासुद्धा हळू बोला सांगितलं. कपडे गच्चीवर. एका दुपारी वारा सुटला आणि पिशवी दोरीसकट हेलकावे खात होती, आतनं फक्त वाकडी चोच बाहेर, ती काही उठली नाही. पिल्लं गेली त्याला आता दीड वर्ष झालं, घरटं विरलंय, पण त्या दोरीवर अजून कुणी टॉवेल टाकत नाही.